मध्ययुगीन कॅनन कायदा: पोपचं राज्य अर्जांवर कसं चालायचं

विचारलेला प्रश्न थोडक्यात असा: मध्ययुगात कॅथलिक चर्चमध्ये पोपच सर्वाधिकारी होता, म्हणजे त्याचा शब्द हाच कायदा. मग कॅनन कायद्याचे, म्हणजे चर्चच्या स्वतःच्या कायद्याचे, जाडजूड ग्रंथ, कोर्टं, वकील, अपिलं हा पसारा कशासाठी होता आणि चर्चच्या कारभारात त्याचं प्रत्यक्ष काम काय होतं?

पोपचा शब्द अंतिम, हे तेव्हाचे कायदेपंडितही मान्य करत. पण हा अंतिम शब्द निघायचा कधी, ते पाहिलं की चित्र बदलतं. पोप आपणहून फार कमी वेळा बोलायचा. बाराव्या-तेराव्या शतकात रोमहून निघालेली बहुसंख्य पत्रं ही कुणाच्या तरी अर्जाला, तक्रारीला किंवा शंकेला दिलेली उत्तरं आहेत. एखादा मठ, एखादा बिशप, नवऱ्याने टाकलेली बाई, पद नाकारलं गेलेला धर्मगुरू, यांपैकी कुणीतरी दाद मागितल्याशिवाय रोमचं यंत्र हलत नसे. आल्प्सपलीकडे पोपचे पगारी अंमलदार नव्हते, फौज तर नव्हतीच. होती ती कार्यपद्धती: कुणी, कुणापुढे, किती दिवसांत, कोणत्या कागदावर काय मागायचं. कॅनन कायद्याची ताकद मोठमोठ्या सिद्धांतांपेक्षा या कार्यपद्धतीत होती आणि त्याची दुखणीही तिथूनच आली, असं माझं मत आहे. पुढचं सगळं त्या अंगाने मांडतो.

आधी ग्रंथांबद्दल. बोलोन्यात ११४० च्या सुमारास ग्रेशियन नावाच्या अध्यापकाने चर्चच्या परिषदांचे (बिशपांच्या मोठ्या सभांचे) ठराव, जुन्या पोपांची पत्रं आणि ऑगस्टीनसारख्या चर्चपित्यांची वचनं असे जवळपास चार हजार उतारे एकत्र केले. एकमेकांना छेद देणारे उतारे शेजारी ठेवून त्यांचा मेळ कसा बसतो हे दाखवणं हा त्याचा हेतू. ग्रंथाच्या दुसऱ्या भागात त्याने ३६ कल्पित खटले रचले. सत्ताविसावा असा: ब्रह्मचर्याचं व्रत घेतलेल्या एकाने एका मुलीशी वाङ्निश्चय केला, तिने तो मोडून दुसऱ्याशी लग्न केलं, आता पहिला तिला परत मागतो आहे. व्रत घेतलेल्याचं लग्न होऊ शकतं का? वाङ्निश्चित मुलगी दुसऱ्याकडे जाऊ शकते का? या प्रश्नांखाली उताऱ्यांची रांग आणि मधेमधे ग्रेशियनचं स्वतःचं मत. हा ग्रंथ, म्हणजे ‘डेक्रेटुम’, मध्ययुगात कोणत्याही पोपने कायदा म्हणून जाहीर केलेला नव्हता. विद्यापीठांत शिकवला गेला, कोर्टात वापरला गेला आणि वापरातूनच प्रमाण ठरला.

ग्रेशियनमुळे प्रश्न नेमकेपणाने विचारता येऊ लागले आणि रोमकडे शंकांचा पूर आला. तिसऱ्या अलेक्झांडरची (११५९ ते ११८१) कायद्याविषयीची सातशेच्या वर उत्तरं आज माहीत आहेत. अशा उत्तराला डिक्रेटल म्हणतात. मिळेल त्याने ती उतरवून घेतली, खासगी संग्रह झाले, एकाच मुद्द्यावर दोन संग्रहांत दोन उत्तरं दिसू लागली. शेवटी नवव्या ग्रेगरीने पेन्याफोर्तच्या रेमंडला हे सगळं निस्तरायला बसवलं आणि १२३४ मध्ये पाच भागांचा ‘लिबेर एक्स्ट्रा’ बोलोन्या आणि पॅरिसच्या विद्यापीठांकडे धाडला. न्यायाधीश, खटल्याची पद्धत, धर्मगुरूवर्ग, लग्न, गुन्हा असा भागांचा क्रम. १८५ शीर्षकं, १९७१ प्रकरणं. पुढे १२९८ मध्ये आठव्या बोनिफेसचा ‘सेक्स्टुस’, १३१७ मध्ये ‘क्लेमेंटिने’ आणि नंतरचे दोन छोटे संग्रह जोडले गेले. १५८२ मध्ये रोमने सगळ्यांची अधिकृत आवृत्ती काढली आणि १९१८ पर्यंत चर्च त्यावर चाललं.

रेमंडने काम करताना कात्री चालवली. पत्रातला कायद्याचा मुद्दा ठेवला, हकीकतीचा बराच भाग कापला. लायप्झिगमध्ये १८७९ ते १८८१ या काळात निघालेल्या फ्रीडबेर्गच्या आवृत्तीत हे कापलेले तुकडे तिरक्या अक्षरांत परत घातले आहेत. अभ्यासकाने ती तिरकी अक्षरं कधीही वगळू नयेत. मूळ भांडण कळल्याशिवाय नियम कुठवर ताणायचा हे कळत नाही.

हा नमुना बघा. नॉर्विचच्या बिशपला तिसऱ्या अलेक्झांडरने पाठवलेलं एक पत्र लग्नाच्या भागात पहिल्याच शीर्षकाखाली पंधरावं आहे. संदर्भ देताना ‘एक्स ४.१.१५’ असं लिहितात. एक्स म्हणजे एक्स्ट्रा, ग्रेशियनच्या बाहेरचं. ‘जी’ एवढ्या आद्याक्षराने ओळखला जाणारा एक माणूस पोपकडे आला. त्याने एका बाईला घरात ठेवलं होतं, तिच्यापासून मुलं होती आणि तिच्याशी लग्न करीन अशी शपथ त्याने लोकांसमोर घेतली होती. मग एका रात्री तो शेजाऱ्याकडे मुक्कामाला राहिला आणि शेजाऱ्याच्या मुलीसोबत सापडला. बापाने तिथल्या तिथे त्याच्याकडून “ही माझी बायको” असे शब्द वदवून घेतले. आता याची बायको कोण? पोपचं उत्तर: चौकशी करा. लग्नाच्या शपथेनंतर पहिलीशी त्याचा शरीरसंबंध आला असेल तर पहिलीच बायको. नसेल तर दुसरी, मात्र खंबीर माणूसही डगमगेल एवढ्या भीतीखाली ते शब्द वदवले नसतील तर.

एका शेजारघरच्या रात्रीतून युरोपभराचा विवाहकायदा असा पक्का होत गेला. वर्तमानकाळातल्या शब्दांनी संमती दिली की लग्न झालं. भविष्यकाळातलं वचन आणि त्यानंतर संबंध, तरीही झालं. धर्मगुरू, साक्षीदार, बापाची परवानगी, यांतलं काहीही वैधतेला लागत नव्हतं. तरुणांना आईबापांच्या आणि जमीनदारांच्या जबरदस्तीपासून यामुळे खरं संरक्षण मिळालं, आणि हा मला या कायद्याचा सर्वांत उदात्त भाग वाटतो. पण पुराव्याची वाट लागली. नियम दोन साक्षीदारांचा आणि लग्न झालेलं गोठ्यात नाहीतर झाडाखाली. १२१५ च्या चौथ्या लॅटरन परिषदेने लग्नाआधी चर्चमध्ये जाहीर पुकारा करणं सक्तीचं केलं, पण पुकाऱ्याविना झालेलं लग्न रद्द धरलं नाही. ते धाडस १५६३ मध्ये ट्रेंट परिषदेने केलं.

चौथ्या लॅटरन परिषदेनेच नात्यांतली बंदी सातव्या पायरीवरून चौथ्यावर आणली. पायरी मोजायची ती समाईक पूर्वजापासून एका बाजूने खाली. सख्खी भावंडं पहिली पायरी, चुलत-मामे-आते-मावस दुसरी, त्यांची मुलं आपसांत तिसरी, नातवंडं चौथी. दोन बाजू असमान असतील तर लांबची बाजू धरायची. आपल्याकडे मामेबहिणीशी लग्न रीतीत बसतं. या हिशेबात ती दुसरी पायरी, म्हणजे खास सूट मिळवल्याशिवाय अशक्य. सातच्या चार पायऱ्या करण्याचं व्यावहारिक कारण उघड होतं. गावात सातव्या पायरीपर्यंत कुणी ना कुणी नातलग निघायचाच आणि नको झालेलं लग्न मोडायला लोक तो वेळेवर शोधून काढायचे.

आता रोजच्या कारभाराकडे येतो. यंत्र कसं फिरायचं हे समजायला १२२० च्या दशकातला इंग्लंडमधला दशांशाचा, म्हणजे चर्चला द्यायच्या पिकाच्या दहाव्या हिश्श्याचा, दावा घेऊ. खटला नमुन्यादाखल रचलेला आहे, पण त्यातला प्रत्येक टप्पा तेव्हाच्या कायद्यातला आहे. सिस्टर्शियन या संन्यासी पंथाच्या मठाने गावात शेत घेतलं. गावचा धर्मगुरू त्या शेतावरचा दशांश मागतो. मठ म्हणतो, आम्हाला पोपची माफी आहे. चौथ्या लॅटरन परिषदेच्या ५५ व्या कॅननने (कॅनन म्हणजे परिषदेचं कलम) ही माफी आवळली होती: परिषदेआधी मिळालेली आणि मठ स्वतःच्या हाताने किंवा खर्चाने कसतो ती जमीन मुक्त, परिषदेनंतर घेतलेल्या जमिनीवर दशांश द्यायचा. म्हणजे भांडण दोनच प्रश्नांवर: जमीन कधी घेतली आणि कसतं कोण.

धर्मगुरूला बिशपच्या कोर्टात जाता येतं, पण मठ बिशपच्या हुकमतीबाहेर असल्याचं सांगेल, म्हणून तो मुखत्यारामार्फत रोमला अर्ज करतो. प्रवासाला महिना-दीड महिना. रोममध्ये खटला चालत नाही. तिथून मिळतं ते पत्र. पत्राचा मजकूर ठरीव साच्यातला: अमुक धर्मगुरूने तक्रार केली आहे, तुम्ही तिघांनी दोन्ही बाजू ऐकून निकाल द्या. खाली ठरलेली कलमं. तिघांना जमलं नाही तर दोघांनी काम उरकावं. कुणाची मर्जी, द्वेष किंवा भीती यापायी साक्षीदार मागे राहिले तर चर्चच्या दंडाच्या धाकाने त्यांना बोलावावं. हे तिघे म्हणजे पोपने नेमलेले न्यायाधीश: इंग्लंडमधलाच एखादा ॲबट (मठाधिपती), प्रायर (मठाचा प्रमुख किंवा उपप्रमुख) किंवा आर्चडीकन (बिशपच्या हाताखालचा अधिकारी). नावं बहुधा अर्जदारच सुचवायचा, म्हणून प्रतिपक्षाला आक्षेपाची संधी होती. निघण्याआधी पत्र रोममधल्या एका खास बैठकीत मोठ्याने वाचलं जाई. विरुद्ध बाजूचा मुखत्यार तिथे हजर असेल तर तो न्यायाधीशांची नावं, सुनावणीची जागा किंवा मजकूर यावर हरकत घेऊन ते अडवू शके. इंग्लंडमधले मठ रोममध्ये मुखत्यार ठेवत ते यासाठीच.

पत्र खरं की बनावट, हा पहिला वाद. खाली शिशाचा शिक्का. एका बाजूला पीटर आणि पॉल यांचे चेहरे, दुसऱ्या बाजूला पोपचं नाव. न्यायाचा आदेश असेल तर शिक्का तागाच्या दोरीला, सवलत किंवा हक्क दिला असेल तर रेशमाला. बनावट पत्रांचा सुळसुळाट एवढा होता की तिसऱ्या इनोसंटने ती ओळखण्याच्या खुणा डिक्रेटलमध्येच सांगितल्या: खऱ्या पत्राचा शिक्का दोरीसकट काढून खोट्याला लावलेला, खऱ्या मजकुरातले शब्द खरवडून नवे घातलेले, वगैरे. आणखी एक खूण भाषेची. पोप बिशपला ‘बंधू’ म्हणतो, बाकी सर्वांना ‘पुत्र’. आणि एकट्या माणसाला लिहिताना ‘तू’ वापरतो. एकाच व्यक्तीला ‘तुम्ही’ म्हणणारं पत्र संशयास्पद.

खरं पत्रही बाद ठरू शकतं. अर्जातली हकीकत खरी असेल तरच पत्राला जोर, हा तिसऱ्या अलेक्झांडरच्या काळापासूनचा नियम. अर्जदाराने खोटं सांगितलं असेल किंवा महत्त्वाचं लपवलं असेल, उदाहरणार्थ याच शेताबद्दल आधी तडजोड झाली आहे हे सांगितलं नसेल, तर पत्र निष्फळ. रोमकडे हकीकत तपासायची सोय नव्हती, म्हणून तपासाचं ओझं असं खाली ढकललं होतं. सगळी व्यवस्था या एका कलमावर तोललेली होती.

मग समन्स. तीन वेळा, किंवा तिन्हींच्या जागी एकच निर्वाणीचं. पक्षकाराला त्याच्या धर्मप्रांताच्या हद्दीपासून दोन दिवसांच्या वाटेपलीकडे ओढायचं नाही, हा चौथ्या लॅटरनचाच ३७ वा कॅनन. लांबच्या कोर्टात बोलावून गरीब पक्षकाराला जेरीस आणायचं आणि तडजोडीला भाग पाडायचं, ही युक्ती सर्रास चाले. तिला हा लगाम. प्रतिवादी आलाच नाही तर मालमत्तेचा तात्पुरता ताबा वादीकडे. वर्षाच्या आत हजर होऊन जामीन दिला तर ताबा परत, नाहीतर वादीचा ताबा पक्का आणि गैरहजर राहिलेल्याला पुढे फक्त मालकीचा दावा लावता येई.

हजर झालाच तर हरकतींची फैर: न्यायाधीश पक्षपाती आहे, मुखत्यारपत्रात खोट आहे, पत्रात गावाचं नाव चुकलं आहे. सर्वांत लाडकी हरकत म्हणजे वादी बहिष्कृत, म्हणजे चर्चने वाळीत टाकलेला, आहे. बहिष्कृताला दावा लावता येत नाही, म्हणून खोट्यानाट्या बहिष्काराच्या नावाखाली खटले महिनोन्‌महिने लटकत. चौथ्या इनोसंटने १२४५ मध्ये वेसण घातली: बहिष्कार कोणत्या प्रकारचा आणि कुणी घातला हे सांगा आणि आठ दिवसांत सिद्ध करा.

यातून तरलेला दावा पुराव्यापर्यंत येतो. वादी आपले मुद्दे कलमवार लिहून देतो, प्रतिवादी साक्षीदारांना विचारायचे प्रश्न देतो. प्रत्येक साक्षीदाराला एकेकट्याला, पक्षकारांच्या नजरेआड विचारतात: शेत मठाकडे कधी आलं, तुम्हाला कसं माहीत, नांगर कोण धरायचं, धान्य कुणाच्या कोठारात गेलं. उत्तरं लिहून घ्यायची. ३८ व्या कॅननप्रमाणे कोर्टात लेखनिक किंवा दोन लायक माणसं हवीतच. साक्षीदारांची मर्यादा चाळीस. साक्षी उघड झाल्यावर त्याच मुद्द्यांवर नवे साक्षीदार आणता येत नाहीत, कारण उणीव कुठे राहिली हे कळल्यावर ती भरायला माणूस सहज पढवता येतो. लेखी नोंदीची सक्ती मला फार मोलाची वाटते. वरच्या न्यायाधीशाला खालच्याचं काम कागदावर तपासता आलं ते हिच्यामुळे, आणि इंग्लंडमधल्या यॉर्कसारख्या ठिकाणी चौदाव्या शतकापासूनच्या सामान्य बायकापुरुषांच्या जबान्या आज वाचता येतात त्याही हिच्यामुळेच.

निकालानंतर दहा दिवसांत अपील, एकाच मुद्द्यावर दोनदा, तिसऱ्यांदा नाही. रोमन कायद्यात अपील मुख्य निकालावर असे. कॅनन कायद्याने मधल्या आदेशांवर आणि होऊ घातलेल्या अन्यायावरही अपील मान्य केलं. हेतू चांगला होता, पण दिरंगाई करणाऱ्याला हत्यार मिळालं. लॅटरनच्या ३५ व्या कॅननने निकालाआधीच्या अपिलाला सबळ कारण मागितलं, तरी रोग हटला नाही. पाचव्या क्लेमेंटने चौदाव्या शतकाच्या सुरुवातीला काही प्रकारच्या खटल्यांसाठी संक्षिप्त पद्धत घातली: सरळ, साधेपणाने, कोर्टाचा गाजावाजा आणि थाटमाट न करता. व्यवहारात मात्र बरेच दशांशाचे दावे तडजोडीतच मिटले: मठाने वर्षाला ठरावीक रक्कम द्यायची आणि शेत त्याच्याकडेच राहायचं. न्यायाधीशही तेच सुचवत, कारण तडजोड मोडणाऱ्यावर नंतर कारवाई करणं सोपं पडे.

अंमलबजावणीचं मुख्य साधन धर्मबहिष्कार. त्याआधी साक्षीदारांसमक्ष ताकीद हवी (४७ वा कॅनन). पुढे १२४५ मध्ये कारणासह लेखी आदेश आणि मागितल्यास महिन्याच्या आत नक्कल देणं बंधनकारक झालं. इंग्लंडमध्ये बहिष्कृताने ४० दिवस दाद दिली नाही तर बिशप राजाच्या चॅन्सरीला, म्हणजे कचेरीला, कळवी आणि राजाचा शेरीफ हा अंमलदार त्याला तुरुंगात टाकी. राजाचा हात मिळे तिथे कॅनन कायद्याला दात होते. नसे तिथे सगळा भार माणसाच्या धास्तीवर आणि शेजाऱ्यांच्या नजरेवर. शेंदोनशे रुपयांएवढ्या किरकोळ देण्यापायी बहिष्कार घालायची सवय पडली तेव्हा ती धास्तीही ओसरली. शस्त्र बोथट झालं ते अतिवापराने.

बिशपचा स्वतःच्या प्रांतातला कारभार इथे थोडक्यात सांगतो: वार्षिक सिनड (धर्मगुरूंची सभा), कोर्टासाठी ‘ऑफिशियल’ हा न्यायाधीश, खाली आर्चडीकन आणि डीन, आणि पाहणीदौरे. दौऱ्याचा खर्च गावावर पडायचा, म्हणून ११७९ च्या तिसऱ्या लॅटरन परिषदेने घोडे मोजून दिले: आर्चबिशपला ४० ते ५०, कार्डिनलला २० ते २५, बिशपला २० ते ३०, आर्चडीकनला ५ ते ७, डीनला २. शिकारी कुत्री आणि ससाणे आणायचे नाहीत. फ्रान्समधल्या रूआँचा आर्चबिशप यूद रिगो याची १२४८ ते १२६९ ची दौऱ्यांची नोंदवही टिकून आहे. कुठला धर्मगुरू पितो, कुठल्या मठावर किती कर्ज, सगळं तारीखवार. कॅनन कायदा जमिनीवर कसा दिसायचा हे पाहायचं तर पहिल्यांदा ती वही वाचावी.

निवडणुकांचं प्रकरण मात्र सविस्तर सांगण्याजोगं आहे, कारण सत्ता हळूहळू रोमकडे सरकली ती इथून. बिशप निवडायचा हक्क कॅथेड्रलच्या चॅप्टरचा, म्हणजे तिथल्या धर्मगुरूंच्या मंडळाचा. १२१५ च्या २४ व्या कॅननने तीनच रीती मान्य केल्या. एक, तिघा विश्वासू सभासदांनी प्रत्येकाचं मत गुपचूप विचारून लिहून घ्यायचं आणि मग जाहीर करायचं. दोन, काही जणांना सर्वांच्या वतीने निवडीचा अधिकार द्यायचा. तीन, ईश्वरी प्रेरणेने सर्वांनी एकमुखाने नाव घ्यायचं. मुदत तीन महिने. चुकली की हक्क वरच्या अधिकाऱ्याकडे. मेख होती ती ‘जास्त किंवा जास्त सुज्ञ भाग’ या शब्दांत. बहुमत एकाला, पण अल्पमत म्हणणार की आम्ही अधिक सुज्ञ. वाद गेला रोमला, रोमने दोन्ही निवडी रद्द केल्या, तिसराच आला.

कँटरबरीत नेमकं हेच झालं. १२०५ मध्ये आर्चबिशप वारला, मठवासीयांनी गुपचूप आपल्यातल्या रेजिनाल्डला निवडलं, नंतर राजा जॉनच्या दबावाने जॉन डी ग्रेला. तिसऱ्या इनोसंटने दोन्ही निवडी रद्द केल्या, रोममध्ये आलेल्या मठवासीयांकडून स्टीफन लँग्टनला निवडून घेतलं आणि १२०७ मध्ये अभिषेक केला. राजाने त्याला पाय ठेवू दिला नाही, त्यावर १२०८ ते १२१४ इंग्लंडभर सार्वजनिक उपासना बंद. १२७४ मध्ये दुसऱ्या ल्याँ परिषदेने, विरोधकांच्या दुप्पट मतं मिळाली तर अल्पमताने सुज्ञपणाचा मुद्दा काढायचा नाही, असं ठरवलं. पण तोवर राखीव पदांची वाट खुली झाली होती. १२६५ मध्ये चौथ्या क्लेमेंटने, रोमच्या दरबारात असताना मरण पावलेल्यांची पदं पोपने भरायची, असा नियम केला. चौदाव्या शतकात राखीव यादी वाढत बिशपपदांपर्यंत गेली. यात रोमच्या हावेचा भाग नक्की होता, पण पद मागणाऱ्या अर्जदारांचा रेटा तेवढाच मोठा होता. विद्यापीठं पदवीधरांच्या नावांच्या याद्या पाठवत. १३५१ मध्ये इंग्लंडच्या संसदेने अशा नेमणुकांविरुद्ध कायदा केला.

पोपच्या निवडीत ‘सुज्ञ भाग’ चालणारच नव्हता, कारण वाद मिटवायला पोपच्या वर कुणी नाही. ११५९ च्या दुहेरी निवडीने १८ वर्षं चर्च दुभंगलं. म्हणून ११७९ मध्ये कार्डिनलांची दोन-तृतीयांश मतं, एवढा आकड्याचा नियम झाला. आकड्यालाही त्रुटी होती: दोन-तृतीयांश जमतच नसतील तर? व्हितेर्बोत १२६८ ते १२७१ अशी जवळजवळ पावणेतीन वर्षं गादी रिकामी राहिली. १२७४ मध्ये दहाव्या ग्रेगरीने कोंडून घालण्याची पद्धत आणली: मृत्यूनंतर दहा दिवस थांबा, मग सर्वांना एका दालनात बंद करा, तीन दिवसांत निवड झाली नाही तर पुढचे पाच दिवस दुपारी आणि रात्री एकेकच पदार्थ, त्यानंतर फक्त भाकर, द्राक्षारस आणि पाणी. दोनच वर्षांत हा नियम स्थगित झाला, १२९४ मध्ये परत आला, १२९८ च्या संग्रहात कायम झाला.

पोपवर कायद्याचा अंकुश होता का, या प्रश्नाचं बीज ग्रेशियनच्या एका वाक्यात आहे: पोपचा न्याय कुणी करू नये, तो श्रद्धेपासून ढळलेला आढळला तर वगळून. १३७८ नंतर दोन, मग तीन पोप एकाच वेळी बसले, तेव्हा कायदेपंडितांनी हेच ‘वगळून’ पुढे आणलं. हट्टाने फूट चालू ठेवणं म्हणजे श्रद्धेपासून ढळणंच, असा युक्तिवाद. कॉन्स्टन्स परिषदेने (१४१४ ते १४१८) दोघांना पदच्युत केलं, एकाने राजीनामा दिला आणि नोव्हेंबर १४१७ मध्ये पाचवा मार्टिन निवडला गेला. १४६० मध्ये दुसऱ्या पायसने पोपविरुद्ध परिषदेकडे अपील करायलाच बंदी केली.

फौजदारी बाजूला एक गोष्ट नीट ओळखायला हवी. १२१५ च्या आठव्या कॅननने अधिकाऱ्याला आपणहून चौकशी करायची मुभा दिली, कारण वजनदार बिशपाविरुद्ध फिर्याद घेऊन उभा राहायला कुणी धजत नसे. सोबत अटी घातल्या: आधी व्यापक बदनामी हवी, आरोपी हजर हवा, आरोप कलमवार कळवायचे, साक्षीदारांची नावं आणि जबान्या दोन्ही त्याला द्यायच्या. पाखंडाच्या खटल्यांत याच अटी ढिल्या पडल्या. १२५२ मध्ये छळाला परवानगी, १२९८ च्या संग्रहात साक्षीदाराला धोका असेल तर नाव लपवायची मुभा. अपवादाचा नियम झाला की काय होतं, ते १५६० पासून गोव्यात दिसलं: तिथल्या इन्क्विझिशनमध्ये, म्हणजे पाखंड शोधणाऱ्या न्यायालयात, आरोपीला साक्षीदाराचं नाव कळतच नसे.

गोव्याशी दुसरा धागा ‘पाद्रोआदो’चा, म्हणजे आश्रयदात्याच्या हक्काचा. चर्च बांधणाऱ्या किंवा त्याला जमीन देणाऱ्या गृहस्थाला मालकी नाही, फक्त धर्मगुरू सुचवण्याचा हक्क, नेमणार बिशप. ही तडजोड तिसऱ्या अलेक्झांडरच्या काळातली. गृहस्थ आश्रयदात्याला चार महिने, धर्मगुरूला सहा. मुदत टळली की बिशप मोकळा. एका गावच्या चर्चसाठी घडवलेला हा हक्क पंधराव्या-सोळाव्या शतकांत पोर्तुगालच्या राजाला अख्ख्या पूर्वेसाठी मिळाला. १५३४ च्या गोवा धर्मप्रांताची हद्द केप ऑफ गुड होपपासून चीनपर्यंत होती आणि बिशपचं नाव राजा सुचवणार. एवढ्या मुलखाला राजा धर्मगुरू पुरवूच शकत नव्हता.

रोमने १६२२ मध्ये प्रोपगांडा फिदे ही धर्मप्रसाराची संस्था काढून स्वतःची माणसं पाठवायला सुरुवात केली, तेव्हा पहिली टक्कर गोव्यातच झाली. दिवाडी बेटावरचे मातेउश द काश्त्रु हे रोममध्ये धर्मगुरू झाले आणि पोपची पत्रं घेऊन परतले. गोव्याच्या आर्चबिशपने ती मानली नाहीत. आक्षेप तोच जुना: पत्रं खोटी माहिती देऊन मिळवली आहेत. काश्त्रु परत रोमला गेले, १६३७ मध्ये बिशप झाले आणि आदिलशाहीच्या मुलखाचे, म्हणजे विजापूरचे, व्हिकर अपोस्टोलिक, म्हणजे पोपच्या वतीने थेट कारभार पाहणारे बिशप, नेमले गेले. त्या नेमणुकीतूनच पुढे मुंबईची रोमनियुक्त शाखा उभी राहिली. मुंबईत पाद्रोआदोची चर्चं आणि प्रोपगांडाची चर्चं शेजारी शेजारी, दोन वेगळ्या बिशपांच्या हाताखाली चालली. हे दुहेरी अधिकारक्षेत्र १९२८ च्या करारात संपलं. मुंबईचा आर्चबिशप आळीपाळीने पोर्तुगीज आणि ब्रिटिश असावा असं ठरलं, आणि १९५० मध्ये पोर्तुगालने मुंबईपुरता आपला हक्क सोडला.